ढबूमाऊ

४ ऑक्टोबर
नव्या स्टुडिओत पहिला दिवस झकास गेला. मुलांच्या सिनेमाचं डबिंग आहे आणि माझ्या वाट्याला विहिरीतली बया आलीये. ती मुलांना त्यांच्या आईच्या आवाजात हाक मारते. ओ दिली की मूल तिचं. रेकॉर्डिंगवाले काका म्हणाले, शब्द कुठलाही घ्या, ओठ जुळले म्हणजे झालं. बयेचे ओठ दोनदा मिटतात. ‘बाळा’त एकदाच, ‘सोन्या’त मिटतच नाहीत. मी सहज ‘ये रे ढबूमाऊ’ म्हणून टाकलं, नेमकं बसलं. घरी लेक फुरंगटली. ते तिचं लाडाचं नाव, परक्या बाईला का दिलंस म्हणे.

७ ऑक्टोबर
काकांनी कालच्या दुपारच्या कामाची तारीफ केली. काल दुपारी मी लेकीच्या शाळेत होते. पहिलीतली पोर, अक्षरावर बोट ठेवून मोठ्यानं वाचते, त्याचं बाईंना कोण कौतुक. काकांनी तुकडा ऐकवला. आवाज माझाच. पण ‘ये गं ढबूमाऊ’. सिनेमात तर मुलगा आहे. हे ‘गं’ कुठून आलं?

९ ऑक्टोबर
घसा पार बसला. काका म्हणाले, काळजी नको, तुमचं सगळं काम झालंय. निम्मंही झालं नव्हतं.
लेक विचारते, तू सारखी बाथरूममधून हाक का मारतेस? बाथरूम रिकामं होतं. नवऱ्याला लिहून दाखवलं तर म्हणतो, बरंय, चार दिवस घर शांत.

१० ऑक्टोबर
ऐकलं. मीही ऐकलं. मोरीच्या जाळीतून, माझ्याच आवाजात. बाथरूमला आतून कडी— म्हणजे आत कोणीतरी—
लेक अजून शाळेत. माझ्या तोंडून नुसती हवा. तिला सांगू कशी? दारावर कागद चिकटवलाय, मोठ्या अक्षरांत: ओ देऊ नको.

१० ऑक्टोबर, दुपार
आली. दप्तर टाकलं. आतून हाका चालूच— ये गं, ये गं—
दारापाशी थांबली. कागद दिसला तिला. देवा, वाचतेय. बोट ठेवून, नेहमीसारखी मोठ्यानं. शहाणी माझी—
मोठ्यानं—
पहिलं अक्षरच— अगं नको, ते अक्षर नको, ढबू—