धाकटीच्या वाट्याचे दिवस

३ जून
आज सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी सोसायटीच्या सेक्रेटरीने मला तोंडावर ‘आजीबाई’ म्हटलं. स्वतःचं वय पन्नाशीचं, पोट साठीचं. तेवढं सोडलं तर नवं घर झकास आहे. हवेशीर, नळाला जोर, आणि स्वयंपाकघराच्या खिडकीत बसायला ऐसपैस दगडी कट्टा. दगड दुधाळ हिरवट, आतून मंद उजळलेला. आमच्या धाकटीने, माझ्या बहिणीने, तो पाहून टाळ्या पिटल्या. साठीची घोडी झाली, उत्साह बालवाडीतला. सेक्रेटरी म्हणाला, असा दगड आता शोधूनही सापडत नाही. त्यावर वस्तू ठेवा, ताज्या राहतात. माणसाने मात्र बसू नये. दगड अंगावरचे दिवस उतरवतो आणि ते घरातल्या दुसऱ्या माणसावर चढतात म्हणे. मी सुनावलं, आम्ही कॉन्व्हेंटमध्ये शिकलोय, असल्या गोष्टी पोरासोरांना सांगा.

६ जून
परवाचं दूध कट्ट्यावरच राहिलं होतं. नासलं नाही! मग मीही बसले. माझ्या घरात मी कुठे टेकायचं, हे तो ठरवणार? निवांत पेपर वाचला. उठले तर गुडघे कुरकुरलेच नाहीत. धाकटी म्हणते, तिची कंबर धरली. मी म्हटलं, खोकी घेऊन नाचायला कुणी सांगितलं होतं?

११ जून
चष्म्याशिवाय सुईत दोरा ओवला. भांगाशी काळे केस उगवलेत. धाकटी जिन्यात दम खायला बसली. कोपऱ्यावरच्या दुकानदाराने मला ताई म्हटलं आणि हळूच विचारलं, आईंना बरं नाही का? मी त्याची चूक सुधारली नाही. उलट हसले. धाकटीने ऐकलं होतं. ती पिशवीत काहीतरी शोधत राहिली. लाज तिथेच वाटायला हवी होती. ती घरी आल्यावर वाटली, कट्ट्यावर बसल्यावर.

१४ जून
धाकटीने विचारलं, ताई, तू एवढी टवटवीत कशी गं? मी म्हटलं, इथली हवा मानवली. धडधडीत खोटं. तिचे हात सुकलेल्या शेंगांसारखे झालेत. डॉक्टर म्हणाले, वय झालं की व्हायचंच. ती माझ्याहून सहा वर्षांनी लहान आहे, हे मी त्यांना सांगू शकले नाही. समोरच्या आरशात मीच बसले होते.
उद्यापासून कट्ट्यावर बसणार नाही.

१५ जून
बसले. फक्त चहापुरती.

१७ जून
सगळं सांगून टाकलं तिला. रागावली असती तर बरं झालं असतं. म्हणाली, मग थोडा वेळ मला बसू दे की. मी उचलून बसवलं. वजनच नाही तिला. हळूहळू तिचे गाल भरायला लागले, मी पाहत होते. मग माझे गुडघे — मग बोटं वाकायला लागली — मी तिला खाली ओढलं. हो, ओढलं. माझं मनगट धरून म्हणाली, एवढ्यात झालं?
मी हो म्हटलं.

१८ जून
दगडावर हातोडा घातला. ओरखडाही नाही. सेक्रेटरीकडे गेले. म्हणाला, ताई, सांगितलं होतं ना. ताई म्हणाला मेला! दगड काढायला कमिटीची मंजुरी लागते, बैठक पुढच्या महिन्यात. तोवर धाकटी —

१९ जून
सेक्रेटरी, हे पान फाडून तुमच्या दाराखाली सरकवणार आहे. कट्टा उखडून न्या. उद्या दुपारी बारापर्यंत मला लेखी उत्तर हवं, सहीशिक्क्यासकट. तुम्ही म्हणाल, बाई, घर सोडून जा. जाता येतं. दार उघडंच आहे. माझ्यावर विसंबू नका, म्हणून तर लिहितेय — आणि हेसुद्धा कट्ट्यावर बसूनच —

धाकटी आतून हाक मारतेय. ताई, एवढा अंधार का केलास? बाहेर लख्ख ऊन आहे —

बारा म्हणजे बारा. एक मिनिटही —

हाक थांबली.
जाऊन पाहायला हवं. उठते. एवढी ओळ संपली की उठ