आभार होईपर्यंत बंदोबस्त

८ जानेवारी १९६१, रविवार
मंडपाचं कापड वर्षभराने उन्हात घातलं. डाग गेलेला नाही. व्यंकट म्हणाला, "आई, वरून ठिगळ लावू." नको म्हटलं. तुझ्या बापाचं रक्त आहे, असू दे.

शिलाई कामगारांची सभा परत त्याच मैदानात घ्यायची म्हणतो. पोलीस परवानगी देईनात. गेल्या वर्षी दगड पडले, आताही पडतील म्हणे. मारणारे मोकळे आणि सभा बंद! व्यं. कोर्टात गेला आहे. तेव्हापासून समोर सोड्याच्या दुकानाशी एक माणूस उभा असतो. निळा मफलर. पोलिसांचा की शिलाई-दुकानांच्या मालकांचा, कळत नाही. सोडा पिताना कधी दिसला नाही.

१४, संक्रांत
शेजारची गौरम्मा एळ्ळु-बेल्ल, त्यांचा तीळगूळ, घेऊन आली. "अक्का, लेकाला स्वल्प सांग की. दुकानमालकांशी वैर कशाला?"

सांगितलं नाही असं तिला वाटतं. मागे ह्यांनाही सांगितलं होतं.

१७
निकाल लागला. व्यं. अठारा कचेरीतल्या हायकोर्टातून उड्या मारत आला. मागून वकीलसाहेब. कागद इंग्रजी. मी पुड्यांच्या कागदांवरून वाचायला शिकलेली, मला काय कळणार. अर्थ सांगा म्हटलं. दंग्याच्या भीतीने सभा अडवू नये, पोलिसांनी संरक्षण द्यावं, सभा संपेपर्यंत.

"सभा कधी संपते?"

"आभार झाले की संपली, अक्का."

"आणि नंतर?"

त्यांनी कॉफी खाली ठेवली. "नंतरचंही मागितलं होतं. मिळालं एवढंच."

गेल्या वर्षी सभेत काहीच झालं नव्हतं. आभार झाले, पोलीस गेले, माणसं पांगली. हे मागे राहिले. ज्याने मंडप शिवला त्यानेच उतरवायचा, दुसऱ्याचा हात लागू द्यायचा नाही, ही आमच्या शिंपी घराची रीत. घडी घालायला वाकले होते. दगड कुणी मारला ते शेवटपर्यंत...

१९
"या खेपेला मंडप दुसऱ्या कुणाला उतरवू दे."
"बाबांनी दिलं असतं?"
"मग कापडच नेऊ नकोस."
"उघड्यावर सभा घेतली तर म्हणतील, शिंपी घाबरले."
घाबरलेच आहे मी. हे त्याला सांगून काय उपयोग. भात तसाच टाकून उठला.

२०
सकाळी वकिलांकडे गेले. विचारलं, आभाराच्या आधीच मंडप उतरवायला घेतला तर?

आधी हसले. मग म्हणाले, "तशी मनाई कुठे नाही. पण लोक आभाराला थांबत नाहीत, अक्का. दोन वाक्यांत उरकतात."

आभार मी मानते म्हटलं.

२१
व्यं.ला बेत सांगितला. म्हणाला, "आई, तू कधी चार माणसांत बोलली नाहीस."

"एकेकाचं नाव घेत जाईन. बटणवाला, चहावाला, सुताची रिळं आणणारा. तू हात चालव."

"आणि नावं संपली तर?"

"तर पोलिसांचे आभार मानीन. टोपीपासून बुटापर्यंत."

हसला. वर्षभरात असा हसला नव्हता. अगदी ह्यांच्यासारखा. मला चुलीपाशी जावं लागलं.

पण मैदान ते घर, तो रस्ता? तिथे कुणाचं नाव घेऊ?

२२, रविवार सकाळ
इन्स्पेक्टर दारावरून गेले. "अम्मा, संध्याकाळी लवकर आटपा हं. आभार झाले की माझी माणसं निघणार." सरी, बरं, म्हटलं.

रात्री नीट झोप नाही. ह्यांची कात्री पिशवीत टाकली, परत काढून ठेवली. सभेत कात्री कशाला.

व्यं.ने कापड हातगाडीवर बांधलं. डागाची बाजू आत घेतली, मी न सांगता.

सोड्याच्या दुकानाशी आज कुणी नाही. बरं वाटलं. चप्पल घालून बाहेर आले तर मफलरवाला आमच्याच गाडीशी, दोरीच्या गाठीवर हात ठेवून. इतक्या दिवसांत आज पहिल्यांदा बोलला.

"जड आहे, अम्मा. परत आणताना मी येतो."