खिडकीवरची चिकटपट्टी

प्रिय जवेरिया,

थंडीत कान झाकून बाहेर पडतेस ना? फोनवर माझी जीभ अडखळते, म्हणून लिहितोय. सातवीपर्यंतच शिकलोय, चुका सांभाळून घे.

शुक्रवारी नमाजेनंतर ओवैसने तुझा सिनेमा टीव्हीवर लावला. एकच घर, तीन माणसं, कॅमेरासुद्धा मागून आणलेला, असं तो बहिणीच्या कौतुकाने सांगत होता. मला मात्र त्या दिवसांत तू वेळेवर जेवलीस की नाही, याचीच काळजी. इंग्रजी मला कळत नाही. पण त्या विलायती घराच्या खिडकीवर खाकी चिकटपट्टी दिसली, दाराच्या फटीत ओला टॉवेल दिसला, आणि मी ओळखलं. ती सबाह अल-सालेम वस्तीतली आपली खोली होती.

दोन हजार तीनचा मार्च. शेजारी इराकमध्ये लढाई, इकडे आपल्याकडे भोंगे. विषारी वायू येईल म्हणून बऱ्याच लोकांनी एकेक खोली बंद केली होती. नव्वद साली इराकी फौज घुसली तेव्हाही मी इथेच होतो, म्हणून दुहेरी पट्टी लावली. त्या दुपारी भोंगा वाजला, आपण चौघं आत बसलो आणि तुझ्या अम्मीचा दमा उसळला.

सिनेमात भिंतीमागे कोणीतरी नखांनी खरवडत राहतं. मला वाटलं, आता भूत बाहेर येईल आणि त्याला माझी दाढी असेल. मनात म्हटलं, येऊ दे, पोरीने बापाला बरोबर ओळखलं. पण आली ती दोन वेण्यांची आठ वर्षांची मुलगी. एकच वाक्य पुन्हा पुन्हा बोलत होती. ओवैसने अर्थ सांगितला, "मी झोपून राहिले, मी खिडकी उघडली नाही." मी उठून मोरीत गेलो आणि नळ सोडून उभा राहिलो.

तू झोपली नव्हतीस, बेटा. दुसऱ्या दिवशी तुला काहीच आठवत नव्हतं; तू विचारलंस, तेव्हा मीच तसं सांगितलं. तू खुर्चीवर चढली होतीस. पट्टीचं टोक नखाने सोडवलंही होतंस. मी तुझ्या हातावर मारलं आणि ओरडलो, "हात लावू नको, सगळे मरू." भोंगा थांबेपर्यंत तुझी अम्मी, माझी फातिमा, गेली होती. वायू आलाच नाही. ते सुटलेलं टोक कित्येक दिवस तसंच लोंबत होतं.

बावीस वर्षं तू माझं खोटं खरं मानून जगलीस. खिडकी तू उघडत होतीस, जवेरिया. बंद मी ठेवली. एवढंच लिहायला बसलो होतो.

तुझाच,
अब्बा