रिकाम्या खुर्चीचा चहा

४ मार्च

चि. ढब्बूस अनेक आशीर्वाद.

टीव्हीवर नाव झळकलं की आजी विसरायला होते, असा काही रोग आहे का? दोन महिने पत्र नाही. मी अक्षरशत्रू, म्हणून आजोबांना समोर बसवून सांगतेय. माझ्या शिव्या गाळून ते लिहितात.

तुझा कार्यक्रम पाहिला. साहेबाची बदली झालेली, तरी रिकामी खुर्चीच हुकूम सोडते, फायली तिच्यापुढे रांगतात आणि म्हातारा शिपाई वाकून तिला चहात साखर किती ते विचारतो. शेजारची शिंपीण हसून हसून रडली. आजोबाही पोट धरून हसले.

लोभ आहेच, तो पत्राने वाढव.

तुझी आजी

१५ मार्च

ती. आजीस सा. न. वि. वि.

चुकलो, कान पकडतो. साहेब गेल्यावर महिनाभर आजोबांनी रिकाम्या खुर्चीला चहा नेला, ही गोष्ट त्यांनी फक्त मला सांगितली होती, म्हणून धाकधूक होती. ते हसले हे वाचून जीव भांड्यात पडला. आता वाहिनीला शिपायाचे आणखी सहा भाग हवे आहेत. चहा का नेला ते मात्र त्यांनी सांगितलं नव्हतं. विचारून कळव.

लोभ असाच राहू दे.

तुझा ढब्बू

२ मे

चि. ढब्बूस अनेक आशीर्वाद.

हे अक्षर शिंपीणबाईचं. दिवसकार्य उरकून तू गेलास, मग आजोबांच्या उशाखाली तुझं पत्र सापडलं. मला त्यांनी ते दाखवलंच नव्हतं. शिंपीणबाईने वाचलं, तेव्हा कळलं. ते हसले? अरे, ते अर्ध्यातून उठून दाराबाहेर जाऊन उभे राहिले, असं लिहा म्हणाले होते मी. शिव्यांसारखं तेही गाळलं.

चहा का नेला विचारतोस. साहेबच नाही तर शिपाई कशाला, असं वर कुणाला सुचलं असतं तर नोकरी गेली असती. तुझा बाप तेव्हा पाळण्यात. म्हणून नवा साहेब येईपर्यंत रोज भरला कप आत न्यायचा, गार झाला की मोरीत ओतायचा. हसू नकोस असं नाही म्हणत. फक्त एका भागात त्या शिपायाला तो चहा बसून पिऊ दे.

आता मी रोज त्यांच्या खुर्चीपुढे कप ठेवते. बंद करा, असा लेखी हुकूम अजून आलेला नाही.

अक्षर कुणाचंही असो, लोभ माझाच समज.

तुझी आजी

ता. क. चहात बुडवायला मऊ बिस्किटं पाठव. दोन पुडे. एकात आमचं भागत नाही.