बाजूच्या सीटची लाईट

४ ऑगस्ट, सकाळ
भिंगरीच्या जुन्या वहीत लिहितेय. पुढची पानं तिच्या भागाकाराची, मागची माझी. नातीची वही आजी वापरते म्हणजे कोणी उघडून बघणार नाही. म्हणून सगळं खरं लिहायचं ठरवलंय.
गाडीत लाल लाईट लागली. चित्र असं की एक माणूस बसलाय आणि पोटाशी भोपळा धरलाय. आधी वाटलं वजन कमी करा म्हणतेय. मग गाडीचं पुस्तक काढलं. एअरबॅगची लाईट. ताबडतोब तपासून घ्या, असं जाड अक्षरात. पुस्तकं घाबरवतातच. खोकल्याच्या औषधाच्या कागदावरसुद्धा खाली कुठंतरी मरण लिहिलेलं असतं.
दोन दिवसांत जाईल आपोआप.

६ ऑगस्ट
आहे अजून.
संध्याकाळी मुलगा आणि सूनबाई आले. आठ महिने मागं लागून मी एक गोष्ट पदरात पाडून घेतली आहे. एक सप्टेंबरला शाळेची नवी टर्म. सोमवार, बुधवार, शुक्रवार भिंगरीला शाळेतून मी आणायचं, सहापर्यंत ती माझ्याकडे. हे गेल्यापासूनच्या दोन वर्षांत मला एवढी एकच गोष्ट मिळालीय. बाकी नुसते फोन.
सूनबाई गाडीत डोकावली. लाईट दिसली. म्हणाली, ही जाईपर्यंत भिंगरी या गाडीत बसणार नाही. एकतीसपर्यंत नाही गेली तर शाळेची व्हॅन लावू. सगळं गोड आवाजात. दात काढायच्या आधी डॉक्टर बोलतात तसं. मुलगा खिडकीबाहेर बघत होता. दोन बायका बोलायला लागल्या की त्याला खिडकी आवडते.
मी म्हटलं, दोन दिवसांत करून आणते.

७ ऑगस्ट
ठराव: गॅरेजात फसायचं नाही. एकटी बाई दिसली की त्यांच्या डोळ्यांत चमक येते. आपल्याला सगळं कळतं असंच जायचं.
आणि कळतंच. लायसन्सला दीड वर्ष झालं असेल, पण त्याआधी तीस वर्षं ह्यांच्या बाजूच्या सीटवर बसून गाडी मीच चालवली. तोंडानं. हे फक्त चाक फिरवायचे.

९ ऑगस्ट, दुपार
खालच्या मजल्यावरच्या रिटायर्ड साहेबांनी उपाय सांगितला. बॅटरीची वायर दहा मिनिटं काढून ठेवा, कॉम्प्युटर सगळं विसरतो. मी म्हटलं, नशीबवान आहे.
काढली. लावली. लाईट गेली. गेटपर्यंत. मग आली.
वर रेडिओची स्टेशनंही उडाली. ह्यांनी लावून ठेवलेली होती. आता नुसतं खरखरतं.

१३ ऑगस्ट
लाईटवर काळी टेप लावली. ही फसवणूक नाही, तात्पुरती सोय आहे.
सगळे जेवायला आले होते. भिंगरी छत्री आणायला गाडीत गेली आणि वर येऊन विचारलं, आजी, तिथं पट्टी का लावलीय. मी म्हटलं, गाडीला लागलंय. तिनं आईकडे बघितलं. पोरीच्या पोटात काही राहत नाही. आईवर गेलीय.
सूनबाई गोड आवाजात म्हणाली, असू दे, व्हॅनवाल्याशी बोलून ठेवते.

१६ ऑगस्ट
स्कॅनरवाल्या गॅरेजात गेले. चाळिशीचा माणूस, बोलतो मोजकं. स्टिअरिंगखाली वायर खुपसली आणि हातातल्या डबीत वाचायला लागला. मी विचारलं, नाडी कशी आहे. हसला नाही. डोक्यानं जरा मंद असावा.
म्हणाला, बाजूच्या सीटच्या एअरबॅगच्या सर्किटमध्ये फॉल्ट आहे. मग विचारलं, काकू, गाडीचा कधी ॲक्सिडेंट झाला होता का. म्हटलं नाही. त्यानं डॅशबोर्डवर बोट फिरवलं. बाजूच्या सीटसमोरचा रंग थोडा वेगळा आहे म्हणे. मी म्हटलं, ऊन. पुन्हा ॲक्सिडेंटचं विचारलं. तेव्हा त्याला नीट सांगितलं की आमचे हे पेढा चोरून खाल्ला तरी कान लाल व्हायचे त्यांचे, गाडी ठोकून माझ्यापासून लपवणारा माणूस तो नव्हे. मला कळल्याशिवाय त्या घरात पातेलं हललं नाही.
सीटखालचा एक पिवळा प्लग काढून पुसला, परत लावला. लाईट गेली.
जिंकले. सूनबाईला फोन केला. म्हणाली, आठवडाभर बघू या. बघ बाई.

१९ ऑगस्ट
स्पीडब्रेकरवर परत लागली.
कोणाला सांगितलेलं नाही. लाईट आली काय, गेली काय, तिचं तिला ठरवू दे.

२३ ऑगस्ट
स्कॅनरवाल्यानं डॅशबोर्ड उघडला. मी शेजारी उभी होते.
आत एअरबॅग नाही. जिथं असायला हवी तिथं थर्मोकोलचे तुकडे कोंबलेले. दोन वायरींच्या टोकाला तांदळाच्या दाण्याएवढं काहीतरी, वर टेप गुंडाळलेली. रेझिस्टर म्हणाला. त्या दाण्यानं कॉम्प्युटरला सांगायचं की बॅग आहे. कॉम्प्युटर विश्वास ठेवतो. आता टेप सुटली, जोड ढिला झाला, म्हणून कॉम्प्युटरला संशय आला.
मी म्हटलं, चोरी. पार्किंगमधून कोणीतरी काढून नेली.
तो म्हणाला, चोर थर्मोकोल भरत बसत नाही.
मी म्हटलं, असतात काही चोर टापटीप.
दोन रस्ते आहेत. नवा रेझिस्टर लावायचा, अर्ध्या तासात लाईट बंद, पण ते काम तो करत नाही. करणारे आहेत. नाहीतर खरी बॅग मागवायची, तीन आठवडे लागतील. माझ्याकडे आठ दिवस.

२४ ऑगस्ट
मुलाला फोन केला. एअरबॅग चोरीला गेली म्हटल्यावर माणूस विचारतो कधी, कुठून. त्यानं काही विचारलं नाही. म्हणाला, आई, गाडी विकून टाक.
विचार केला. चोर सापडला. हे पेट्रोल पंपामागच्या डेंटिंगवाल्याकडेच गाडी टाकायचे. पाच वर्षांपूर्वी धाकट्या बहिणीच्या ऑपरेशनला मी तीन आठवडे गेले होते. परत आले तर गाडी लखलखीत. पॉलिश, नवे सीटकव्हर, आत वासाची बाटली. हे म्हणाले, तू येणार म्हणून करून घेतली. वर्षभर मी बिल्डिंगमध्ये सांगत होते. तेव्हाच त्या मेल्यानं हात मारला. बिचारे माझ्यासाठी करायला गेले आणि लुबाडले गेले.
तेव्हापासून ह्यांनी त्या सीटवर दुसऱ्या कोणाला बसूही दिलं नाही. भिंगरीनं हट्ट केला तरी नाही. पुढची जागा आजीची, असं ठणकावून सांगायचे. किती बायकांचे नवरे म्हणतात असं.
उद्या डेंटिंगवाल्याला सोलते.

२६ ऑगस्ट, सकाळी ११
काल त्याचं गॅरेज बंद होतं. आज आलेय जाऊन.
म्हातारा झालाय. मला ओळखलं, खुर्ची पुसून दिली, चहा सांगितला. मी पाठ केलेलं बोलायला सुरुवात केली तर तोच बोलायला लागला. साहेब भला माणूस होता. त्या दिवशी विजेच्या खांबावर गाडी घातली तरी आधी खांबाची चौकशी केली म्हणे. डोळा लागला होता. दोन्ही एअरबॅग फुटल्या. नाकातून रक्त आलं, बाकी काही नाही.
नाक मला आठवतं. बाथरूममध्ये घसरलो म्हणाले होते. मी फरशीला शिव्या दिल्या आणि रबराची चटई आणली.
स्टिअरिंगची बॅग नवी टाकली. दुसरीही मागवतो, असं डेंटिंगवाला म्हणाला होता. गिऱ्हाइकाचा जुना विनोद सांगावा तसं हसत त्यानं पुढचं सांगितलं.
"साहेब म्हणाले, तिकडचं राहू द्या हो. तिला कुठं कळतंय."
मीही हसले. चहा संपवला. कप विसळून ठेवला. परक्याच्या गॅरेजात कप का विसळला, माहीत नाही.

२६ ऑगस्ट, दुपार
म्हातारा आहे तो. दिवसाला दहा गिऱ्हाइकं. एकाचं बोलणं दुसऱ्याच्या तोंडी घालत असेल.
नंतर टाकू असं ह्यांच्या मनात असणार. राहून गेलं. माणसाचं राहतं. माझाही मोतीबिंदू तीन वर्षं राहिला होता.
पण पट्टा लाव, पट्टा लाव म्हणायचे. प्रत्येक वळणावर. मला वाटायचं, काय जीव आहे माणसाचा माझ्यावर. घाटात उतरताना त्या सीटवर मी झोपलेय. तोंड उघडं टाकून. समोर थर्मोकोल.

२७ ऑगस्ट
मुलाला बोलावलं. सूनबाईही आली.
त्याला माहीत होतं. गाडी ओढून न्यायला तोच गेला होता. बाबांनी सांगू नको म्हटलं. का, तर मी परत गाडीत बसले नसते आणि जन्मभर चिडवलं असतं. दुसरं खरं आहे. खांब दिसला की हात जोडायला लावले असते मी.
मग भिंगरीचं विचारलं. पुढची जागा आजीची, हे कोणाचं. तो खिडकीकडे वळला. मी उठून पडदा ओढला. तेव्हा बोलला. त्यानंच बाबांना सांगितलं होतं, पोरीला पुढं बसवू नका, तिकडं बॅग नाही.
"आणि मला?"
त्यानं उठून पडदा परत सारला.
सूनबाईला यातलं काहीच माहीत नव्हतं. पहिल्यांदाच तिचा आवाज गोड नव्हता आणि पहिल्यांदाच तो माझ्यावर नव्हता. चार मिनिटं मला ती फार आवडली. मग तिनं डोळे पुसले आणि म्हणाली, आई, एक तारखेपासून व्हॅनच लावते, तुमच्या डोक्याला त्रास नको.

२८ ऑगस्ट
भिंगरी तर मागंच बसणार. मागच्या सीटला काय धोका. रेझिस्टर लावला तर उद्या लाईट बंद, एकतीसच्या आत. मग सूनबाईला बोलायला जागा नाही. कोणाचं काही बिघडत नाही. नीट विचार करून ठरवलंय.

२९ ऑगस्ट
हायवेच्या बाजूला एकजण ते काम करतो. गेले. त्यानं विचारलंही नाही का, कशाला. अर्धा तास बसा म्हणाला. आत बॅग असो नसो, कोणाला कळतंय, म्हणे.
मी म्हटलं, मला. आणि चावी घेऊन निघाले.
घरी येईपर्यंत पश्चात्ताप झाला. अर्धा तास बसले असते तर सोमवारी शाळेच्या गेटवर असते. एवढा ताठा दाखवून ऐकणार कोण होतं तिथं. तो माणूस, आणि टायर.
स्कॅनरवाल्याला खरी बॅग मागवायला सांगितली.
सूनबाईनं व्हॅन महिन्याभरासाठी लावली. पुढचं पुढं बघू म्हणाली. दोन दिवसांत कंटाळेल पोरगी. त्या डब्यात चौदा मुलं, चौदा डबे, चौदा प्रकारचा घाम. माझ्याकडे गाडी, गोष्टी आणि मागची अख्खी सीट. तिसऱ्या दिवशी रडत फोन येईल.

३ सप्टेंबर
तिसरा दिवस. फोन आला. खिडकीची जागा मिळाली, शेजारी मैत्रीण बसते, ड्रायव्हरकाका गाणी लावतात. एका दमात सांगितलं.
नव्याचं नवेपण आहे.

१० सप्टेंबर
बॅग आली नाही. भिंगरीचा फोनही नाही. सोमवारी व्हॅन कुठून जाते ते बघायला कोपऱ्यावर उभी होते. भाजी घ्यायची होती, म्हणून. सगळी मुलं गात होती. ती तोंड सगळ्यात मोठं उघडून. तिनं मला बघितलं नाही. उन्हाकडे तोंड होतं तिचं.

१८ सप्टेंबर
बसली. खरी बॅग, नवं कव्हर. रंग एकसारखा. खांबाच्या वेळी डेंटिंगवाल्यानं सीटखालची वायरही भलतीकडे वळवून ठेवली होती, तीही स्कॅनरवाल्यानं जशी कंपनीतून येते तशी जोडून दिली. चावी फिरवली, लाल लाईट लागली आणि विझली. तशीच विझायला हवी म्हणे.
घरी न थांबता मुलाकडे गेले. गाडी दाखवली. सूनबाई मनापासून खूश झाली, पुस्तकातलं चित्र आणि समोरचे काटे दोन्ही ताडून बघितलं. म्हणाली, आता माझी काही हरकत नाही, भिंगरीला विचारा.
विचारलं.
तिनं माझा हात धरला. म्हणाली, "आजी, व्हॅनमध्येच बरं वाटतं गं. मी रविवारी येते ना." गोड आवाजात. आईवर गेलीय.
म्हटलं, मलाही तेच बरं. दुपारी तीनला माझी झोप मोडली असती.

१९ सप्टेंबर
आता वर आरशाजवळ पिवळी लाईट. त्याच भोपळेवाल्या माणसाचं चित्र, वर काट मारलेली. संतापले. सरळ स्कॅनरवाल्याकडे. एवढे आठवडे घेतलेत आणि हे काय, असं चार माणसांत सुनावलं.
त्यानं ऐकून घेतलं. मग मऊपणानं म्हणाला, "काकू, हा फॉल्ट नाही. बाजूला कोणी बसलेलं नसलं की ती लागते. आता ही लागणारच."
इतक्या दिवसांत पहिल्यांदा मला वाटलं की हा माणूस मंद नाही.

२० सप्टेंबर, दुपारी ३
सीटवर पर्स ठेवून बघितली. लाईट तशीच. दळून आणलेली दहा किलोची पिठाची पिशवी ठेवली, पट्टाही लावला. तशीच. माणूस लागतं तिला.
शेवटी मीच पलीकडून जाऊन माझ्या जुन्या जागेवर बसले. लगेच विझली. म्हणजे आता बॅग तयार. पट्टा लावला. पार्किंगमध्ये, उभ्या गाडीत. स्टिअरिंगवर कोणी नाही.
पंधरा मिनिटं बसले, कोणी येऊन धडकतंय का बघत.
कोणी आलं नाही.