उघड्या महादेवाच्या वाटेवर एकोणीस सायकली

मेंढेमाळ वस्ती, वरवंडपासून कोसभर आत,
ता. दौंड.
महाशिवरात्रीच्या आठ दिवस आधी, सन २००३

ती. मल्हारी दाजी यांस,

मेंढेमाळाहून तुमचा धाकटा मेहुणा तात्याबा दोन्ही हात कपाळाला लावून रामराम घालतो, तो सध्या कागदावरच मानून घ्यावा. भेट झाली की पायावर डोकं ठेवून पुन्हा घालीन. तुमचा खोकला उतरला का? रंभाअक्काच्या डोळ्यात औषध घालायला कोणी आहे ना, की अजून ती स्वतःच घालते आणि अर्धं गालावर सांडते? कवठ्याकडं कांदा निघाला असेल. आमच्याकडं कारभारीण बानूबाईची कंबर सोडली तर सगळी मंडळी आणि सगळी मेंढरं खुशाल आहेत. कंबरेचं कारण पुढं येईल (एकोणीस पाहुणे आणि त्यांचे हुलग्याचे शेंगोळे).

पत्राला तसं कारण काही नाही आणि मागणं तर मुळीच नाही. पण कवठे येमाईच्या बाजारात एव्हाना पोचलं असेल, की तात्याबानं पुण्याची माणसं काट्यात लोटली. तुम्ही चाळीस वर्षं पोस्टमन होता, दुसऱ्याचा निरोप वाटेत कसा फुगतो हे तुम्हाला ठाऊक आहे. म्हणून खरं काय ते माझ्या हातानं कळवतो. आणि खरं एवढंच, की उघड्या महादेवाचं देऊळ पुण्याच्या लोकांना इथून पुढं कोणी दाखवायचं, मी की बाळासोनं, हे आता पाडव्यानंतरच्या रविवारी ठरणार आहे.

दिवाळी झाल्यावर प्रतिभाताई नावाच्या एक बाई देवळात आल्या होत्या. सुट्टीच्या दिवशी शहरातली माणसं गोळा करायची, सायकलवर घालायची आणि कुठं जुनं पडकं देऊळ असेल ते दाखवून आणायची, हा त्यांचा उद्योग. (आपण पाहुण्याला पडक्या घरात नेत नाही, त्यांच्यात जेवढं जास्त पडकं तेवढी जास्त गर्दी.) मी तेव्हा मेंढरं सावलीला बसवून एका खांबाला टेकलो होतो. त्यांनी सहज विचारलं, "आजोबा, या देवळाची काही माहिती आहे का?" दाजी, चौसष्ट वर्षांत मला हा प्रश्न कोणी विचारला नव्हता. मला विचारतात ते मेंढ्याचं वय. मी जो सांगत सुटलो तो दीड तास. कोणत्या खांबाला पौषात ऊन येतं, कोणत्या शिळेखाली विंचू निघतो, शिखर गेलं म्हणून त्याला उघडा महादेव कसं म्हणायला लागले, मोठ्या दुष्काळात माझा आजा कोकरं घेऊन गाभाऱ्यात कसा राहिला होता. बाई वहीत लिहून घेत होत्या. उठताना म्हणाल्या, आमचे गाईड तुम्हीच.

हे बाळासोला लागलं. बाळासो म्हणजे तो, ग्रामपंचायतीला एकदा निवडून आला आणि दोनदा पडला, सावलीतसुद्धा काळा चष्मा काढत नाही. तोही देवळाची माहिती सांगतो. त्याचं देऊळ पांडवांनी एका रात्रीत बांधलं आणि कोंबडा आरवला म्हणून शिखर राहिलं. (तालुक्यातल्या सगळ्या पडक्या देवळांचा कोंबडा एकच दिसतो.) चावडीपुढं मला म्हणाला, "तात्याबा, गाईड व्हायला शिक्षान लागतं." मी म्हणलं, "व्हय, म्हणून तर तुला ठिवला न्हाई."

तर गेल्या रविवारी सकाळी वरवंडला टेम्पोतून सायकली उतरल्या. मोजून एकोणीस माणसं, डोक्यावर टरबुजाच्या फोडीसारख्या टोप्या, पाठीला पाण्याच्या पिशव्या आणि त्यातून तोंडापर्यंत आलेली नळी. (पाणी प्यायला थांबायचं नाही, म्हणजे बसून बोलायचंही नाही. एवढी घाई करून बघायचं काय, तर हजार वर्षं जागचं न हललेलं देऊळ.) प्रतिभाताई म्हणाल्या, आजोबा, तुमची सायकल? मी म्हणलं, मी चालत पुढं होतो, तुम्ही मागनं या. त्यांना ती गंमत वाटली. मी खरंच चालायला लागलो तेव्हा कळलं. इथं मला एक नवीन गोष्ट समजली, दाजी, ती तुम्ही मला कधी सांगितली नव्हती: सायकल हळू चालवली की पडते. माझ्या चालीनं चालवताना वरवंडच्या वेशीच्या आत चार जण आडवे झाले. ज्या जनावराला सावकाश चालता येत नाही त्याला शहाणा माणूस दावणीला बांधत नाही. मी तुम्हाला पोस्टातली ती लाल सायकल मिळाली तेव्हाच म्हणलं होतं, की ही लोखंडाची शेळी आहे, दूध देणार नाही आणि रोज तेल पिणार. अक्का तेव्हा माझ्याशी महिनाभर बोलली नाही. पण माझं मत होतं तिथंच आहे.

आता वाटेचं. देवळाला कालव्याच्या कडेनं गाडीवाट जाते, पण ती वळसा घालून तीन कोस, आणि वर झाड नाही. उन्हं तर माघातच चावायला लागलीत. मी विचार केला, ही घरात वाढलेली माणसं, यांना सावलीतून न्यावं. म्हणून मेंढरांच्या वाटेनं नेलं. चाळीस वर्षं मी त्या वाटेनं कळप नेतोय, एका कोकराच्या पायाला इजा नाही. आता सावली म्हणजे आपल्या माळावर बाभळीचीच, आणि बाभूळ म्हणलं की खाली काटा आलाच. पण मेंढराचा खूर काटा मानत नाही, माझी वहाण मानत नाही, तेव्हा टायर मानतं हे मला कुठून माहीत असणार? बाळासो म्हणतो मी मुद्दाम केलं. मुद्दाम करायला आधी ठाऊक तर पाहिजे!

बनाच्या मध्यावर आलो आणि मागून आवाज आला, फुस्स. दाजी, त्या बाभळबनात फुरशी फार. फुरसं चावायच्या आधी असंच करतं. मी जागचा फिरलो आणि ओरडलो, "फुरसं! हातातलं टाका आन् दगडावर चढा!" एवढं मात्र खरं, की ती माणसं आज्ञाधारक. एकोणीसच्या एकोणीस सायकली त्यांनी दिल्या भिरकावून, जिकडं तिकडं, त्या बाभळीच्या वाळलेल्या फांद्यांवर. मग फुस्स फुस्स असा चहूकडून आवाज सुरू झाला. मला वाटलं, आज फुरशांची सगळी भावकी उठली. सोपानराव म्हणून एक बँकेतून निवृत्त झालेले गृहस्थ होते, ते दगडावरून हळूच खाली उतरले, चाकाला कान लावला आणि म्हणाले, "आजोबा, साप इथे आत आहे."

अडतीस चाकांपैकी हवा धरून राहिली ती चार. पुढचा अर्धा कोस सगळे सायकली हातात धरून चालले. मी मागं राहिलो, कारण पुढं चालणारा कळप सांभाळत नाही, मागं चालणारा सांभाळतो. कोण मागं रेंगाळतंय, कोणाच्या पायात बूट चावतोय, कोण दुसऱ्याच्या सावलीत घुसतंय, हे मागूनच कळतं. एकदा सवयीनं तोंडातून हुर्र निघालं आणि दाजी, रांग भराभर पुढं सरकली. कोणी रागावलं नाही. एक पोरगी तर म्हणाली, परत करा ना आजोबा!

देवळात पोचलो आणि सगळ्यांनी सायकली आडव्या टाकून माना वर केल्या. खरं सांगतो, इतकी वर्षं मी तिथं बसतो, पण दुसऱ्यानं डोळे मोठे करून बघितल्यावर मलाही ते देऊळ नव्यानं दिसलं. त्यांच्यात अनुपमाबाई म्हणून होत्या, जुन्या मूर्तींचा अभ्यास करणाऱ्या. त्यांनी नंदीशेजारचा तो सपाट दगड बघितला, मध्ये वाटीसारखा खळगा पडलेला, आरशासारखा गुळगुळीत. बाई गुडघ्यावर बसल्या. सगळ्यांना सांगायला लागल्या, की शेकडो वर्षांच्या अभिषेकानं हा पाषाण झिजला आहे, बघा किती भक्ती असेल. फोटो काढले अकरा. गप्प बसावं तर महादेवापुढं खोटं, बोलावं तर बाईंचा अपमान. शेवटी म्हणलं, "बाई, त्यो आमच्या मेंढरांच्या जिभंनं झिजलाय. आम्ही त्येच्यावर मीठ घालतो. बाप घालायचा, आजा घालायचा."

मला वाटलं, झालं, गेली गाईडकी. अनुपमाबाईंनी खळग्यात बोट फिरवलं, जिभेला लावलं आणि म्हणाल्या, "अगं बाई, खारट आहे!" मग एकेक करून सगळे पुढं. (महादेवाला हात जोडले ते पाच जणांनी, दगड चाखला एकोणिसांनी.) नंतर त्या माझ्याशेजारी येऊन बसल्या आणि विचारलं, किती पिढ्यांपासून? मी मागं मोजत खापरपणज्याच्या बापापर्यंत पाच नावं सांगितली. त्यांनी पाचही लिहून घेतली, एकाखाली एक. दाजी, त्यातली तीन नावं तरी त्या दिवशी पहिल्यांदा कागदाला लागली असतील. मी कागदाकडं बघत बसलो. मीठ बरंच काही टिकवतं.

बानूबाईनं शेंगोळे आणि बाजरीची भाकरी वाढली. तिचं म्हणणं, ही माणसं वाळली आहेत, म्हणून तिनं कोणाच्या नाही म्हणण्याला दाद दिली नाही. तोवर वरवंडचा पंक्चरवाला हनुमंत आला. देवळापुढच्या दगडी डोणीत त्यानं एकेक ट्यूब बुडवली, आणि डोण अशी बुडबुडली की पाणी प्यायला आलेली मेंढरं परत फिरली. एका ट्यूबेतले सात काटे त्यानं तळहातावर मांडून दाखवले आणि माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "तात्या, दर रविवारी आणत जावा."

निघताना प्रतिभाताईंनी घोडं अडवलं. म्हणाल्या, पाडव्यानंतरच्या रविवारी मोठी सहल आहे. सकाळी उघडा महादेव आणि दुपारी भीमेकाठचं फुटकं देऊळ, मध्ये पाच कोस. चालत जमणार नाही. गाईड सायकलवरच हवा, गाडीवाटेनं. तुमच्यासाठी ही पिवळी सायकल ठेवून जाते, सवय असू द्या. बाळासो तिथं नेमका कसा उगवला देव जाणे. चष्म्यातून म्हणाला, "ताई, म्हातारं मानूस हाय, कुठं तरास देता? मी हाय की. आन् तात्याबा, सायकलीला दोन चाकं असत्यात, चार पाय न्हाईत, ती आपली आपण उभी ऱ्हात न्हाई!" सगळी वस्ती हसली. बानूबाईसुद्धा. प्रतिभाताई म्हणाल्या, आजोबांना जमलं तर आजोबाच, नाहीतर मग बाळासाहेब. (बाळासाहेब!)

तर एवढं सगळं झालं. मी म्हणतो, जाऊ द्या. सांगू दे बाळासोला त्याचा कोंबडा. मला मेंढरं आहेत, कामं आहेत, या वयात मानाची हाव बरी नव्हे. सायकल हे माझ्या मते माणसाचं वाहन नव्हेच, हे मी पहिल्यापासून म्हणत आलो आणि गेल्या रविवारी एकोणीस जणांसमोर सिद्ध झालं. माझा जीव अगदी शांत आहे. अक्काला माझा नमस्कार, घरातल्या लहानांच्या पाठीवरून माझा हात. पत्र वाचून झाल्यावर चुलीत न घालता फळीवर ठेवावं, कारण हे लिहायला मला तीन दिवस लागले.

तुमचाच,
तात्याबा

ता. क. – जीव शांत आहे असं वर लिहिलं, ते खोडलं तर कागद घाण दिसेल म्हणून राहू दिलं. काल बाळासो देवळात तालीम करत होता. नंदीशेजारच्या दगडाला तो भीमाचं ताट म्हणतो. दाजी, त्या दगडाजवळ माझी पाच माणसं उभी आहेत.

दुसरा ता. क. – हा भाग अक्काला वाचून दाखवू नये. मला सायकल येत नाही. एवढंच नव्हे, तर कधी शिकायला गेलो आणि पडलो असंही नाही. मी तुम्हाला हसत होतो म्हणून मला शिकता येईना. लोखंडाची शेळी हा शब्द मी परत घेतो. तुम्ही चाळीस वर्षं टपालाची पिशवी घेऊन खडीवरून सायकल मारली, तुमच्याइतका जाणता दुसरा कोणी मला माहीत नाही, आणि असता तरी मी त्याला विचारलं नसतं. आठ दिवस इकडं येऊन राहा. मागं धरून पळायला सांगत नाही. बाज टाकून देतो, तुम्ही बसल्या जागेवरून ओरडा. वस्तीवर सांगू, की पाहुणे हवापालटाला आलेत. खोकला आहेच.

तिसरा ता. क. – पाकीट चिकटवलं होतं ते फोडलं. आज सकाळी सगळे शेतात गेल्यावर उतारावर पिवळी सायकल काढली आणि बसलो. दाजी, गेली! नंतर मोजली, सत्तर पावलं, आणि सत्तर पावलं पाय जमिनीला नाही. मोठ्यानं हुर्र ओरडलो. तेव्हा आल्यावर चालवायचं शिकवण्यात वेळ घालवू नका, ते मला येतं. थांबायचं तेवढं शिकवा. आजच्याला बाळासोच्या कडब्याच्या गंजीनं थांबवलं, पण गंजीचं गिऱ्हाईक परवा येतंय. पत्र हातात पडेल त्या दिवशीच्या एसटीनं निघा.