उजेडात न सांगायची गोष्ट

४ नोव्हें., झिंडेलफिंगेन, जर्मनी
पुदिन्याच्या चहाची आज भरसभेत विटंबना झाली. स्थळ: गावचं वाचनालय. विषय: उत्तर आफ्रिकेच्या कथा, ओळख आणि आपलेपण. चहा कोमट, पुदिन्याची पिशवी पाण्यावरून नुसती ओवाळलेली. वक्त्या समीराबाई, पटकथालेखिका. आईवडील मोरोक्कोचे, जन्म इथला. ‘ओळख’ हा शब्द एकोणीस वेळा. मोजला, कारण दुसरा उद्योग नव्हता. पुण्याच्या साप्ताहिकाला यावर लेख कबूल करून बसलोय. भोगा आता.

६ नोव्हें.
मुलाखत. माझं जर्मन भाजीबाजारापुरतं, म्हणून लेकीला, मुक्ताला, दुभाषी नेलं. वय तेरा, मानधन एक केक.
बाईंच्या नव्या पटकथेला सरकारी अनुदान आहे; तीत एक आजी गोष्टी सांगते. म्हटलं, एखादी ऐकवा. छे! दिवसाउजेडी गोष्ट सांगितली तर सांगणाऱ्याच्या पोरांना टक्कल पडतं म्हणे. बाईंना मूलबाळ नाही, तरी पथ्य कडक. सरकारी अनुदानावर अंधश्रद्धा. मथळा मिळाला.
पुढे म्हणाल्या, इथे जूनमध्ये दहापर्यंत उजेड, मुलं आठला झोपतात. सबब उन्हाळाभर गोष्ट बंद. “आम्ही बर्फाची नाही, गोष्टीची वाट बघायचो.”
मी ज्ञान पाजळलं: आमच्यात याला अनध्याय म्हणतात. ठरावीक तिथींना वेदपाठ बंद, दुसऱ्या दिवशी थांबलं तिथून पुढे.
मुक्ताने भाषांतर केलं. मग त्या दोघीच बोलत सुटल्या. ‘बाबा’ दोनदा ऐकू आलं.
“काय सांगितलंस गं?”
“निक्स, बाबा.” म्हणजे काही नाही.

७ नोव्हें.
लेख पुरा. झकास कुत्सित उतरलाय. सौ.ने वाचला. “अहो, ती बाई चावली का तुम्हाला?”

८ नोव्हें.
समीराबाईंची इंग्रजी मेल. मुक्ताने सांगितलेलं अस्वल पटकथेत घेतलं तर चालेल का?
कुठलं अस्वल?
...
बसथांब्यावरचं. मीच रचलेलं, मुक्ता सहा वर्षांची असताना. रोज थोडं पुढे. एकदा मध्येच तिने विचारलं, “उंड डान?” मी म्हटलं, “‘पुढे काय’ असं मराठीत विचार, मग सांगतो.” तिने पुन्हा विचारलं नाही, मी पुढे सांगितलं नाही. बाणेदारपणा!
बाई शेवट विचारतायत. मुक्ता त्यांना म्हणाली, तो बाबांना माहीत आहे.

१० नोव्हें.
लेख पाठवला नाही. संपादकांना कळवलं, सर्दी.
पाचलाच अंधार. मुक्ता तिच्या खोलीत. दारापर्यंत दोनदा जाऊन आलो. अस्वल सात वर्षं थांब्यावर उभं आहे, आणि शेवट मला कधीच माहीत नव्हता. ते काही नाही, रचता येईल. आता जर्मनमध्ये विचारलं तरी सांगेन. नाही विचारलं तरी.
भीती एवढीच, की मी सांगायला बसेन आणि ती सभ्यपणे ऐकून घेईल.